दातांना तारा लावल्यानंतरचा पहिला महिना: काय खावे, कसे खावे, काय टाळावे

मी वयाच्या ३६ व्या वर्षी दातांना तारा लावून घेतल्या. दवाखान्यातून निघताना हातात एक छापील कागद मिळाला, त्यावर ‘मऊ पदार्थ खावेत, कडक व चिकट पदार्थ टाळावेत’ असे लिहिले होते आणि खाली सूप, पुडिंग, कुस्करलेला बटाटा अशी यादी होती. नाशिकच्या कॉलेज रोडवरून घरी येईपर्यंत मला कळून चुकले की माझ्या स्वयंपाकघरातील एकाही प्रश्नाचे उत्तर त्या कागदात नाही. पोळी मऊ समजायची की कडक? भाजीतील दाण्याचे कूट चालेल का? फोडणीतील मोहरीचे काय करायचे? पुढील दोन महिन्यांत ही उत्तरे मला थोडी डॉक्टरांकडून, थोडी सासूबाईंकडून आणि बरीचशी चुकांमधून मिळाली, ती येथे क्रमाने देत आहे.

एक गोष्ट आधीच सांगते. पहिल्या तीन-चार दिवसांत खाण्याच्या बाबतीत फारसे कोणी चुकत नाही, कारण दुखणेच हात धरते. ब्रॅकेट, म्हणजे तार धरून ठेवण्यासाठी प्रत्येक दातावर चिकटवलेले छोटे तुकडे, निघतात ते दुखणे थांबल्यावर. त्यामुळे या लेखाचा पाचवा टप्पा घाईत वाचू नका.

१. तारा लावण्यापूर्वीचा आठवडा

काही रुग्णांना दाढांवर धातूची कडी, म्हणजे बँड, बसवायची असते. त्यासाठी जागा व्हावी म्हणून काही दिवस आधी दाढांच्या फटीत छोटी रबरी वळी बसवतात, त्यांना सेपरेटर म्हणतात. दातांत काहीतरी अडकून बसले आहे असे त्यामुळे सतत वाटत राहते, पण ते टूथपिकने कोरू नका आणि चिक्की, टॉफी किंवा च्युइंगम खाऊ नका, कारण चिकट पदार्थाबरोबर वळे निघून येते. निघालेच तर दवाखान्यात कळवा, नाहीतर बँड बसवण्याच्या दिवशी पुरेशी जागा झालेली नसते.

डॉक्टरांना आधीच विचारण्याच्या गोष्टी तीन. दुखल्यास कोणती गोळी, किती वेळा घ्यायची? दाढांवर उंचवटे लावणार आहात का? ब्रॅकेटभोवतीच्या रबराचा रंग निवडता येईल का? दुसरा प्रश्न बहुतेक जण विचारत नाहीत, मीही विचारला नव्हता. वरचे दात खालच्या ब्रॅकेटवर आपटू नयेत म्हणून कधीकधी दाढांवर निळसर रंगाच्या सिमेंटचे छोटे उंचवटे करतात. ते असले की तोंड मिटल्यावर फक्त दोनच ठिकाणी दात टेकतात आणि बाकीच्या दातांनी काहीच चावता येत नाही. तुमच्या बाबतीत तसे असेल तर खाली दिलेला पहिल्या तीन दिवसांचा आहार आठवडा-दोन आठवडे लांबेल, हे गृहीत धरा.

दवाखान्यात सोबत न्यावयाच्या गोष्टी: जुने एक्स-रे असतील तर ते, चालू औषधांची यादी, आणि निकेल, लॅटेक्स किंवा एखाद्या औषधाची ॲलर्जी असल्यास त्याची लेखी नोंद. शुल्काचे हप्ते, तसेच निघालेला ब्रॅकेट पुन्हा बसवण्याचे वेगळे पैसे आहेत का, हेही त्याच दिवशी लिहून घ्यावे.

घरी आणून ठेवावयाच्या वस्तू:

– मऊ केसांचा टूथब्रश आणि दातांच्या फटीत जाणारा बारीक ब्रश
– ऑर्थोडॉन्टिक वॅक्सची, म्हणजे टोचणाऱ्या ब्रॅकेटवर लावायच्या मेणाची डबी. दवाखान्यातून एक मिळते, पण दुसरी घेऊन ठेवा
– लहान मुलांना भरवण्याचा छोटा चमचा, कारण मोठा चमचा ब्रॅकेटवर आपटतो
– बारीक जाळीची गाळणी आणि मिक्सरचे छोटे भांडे
– पर्समध्ये मावणारा आरसा

आणि हो, चिवडा, कडक भाकरी, मक्याचे कणीस, जे काही मनापासून आवडत असेल ते या आठवड्यात खाऊन घ्या.

२. दुखते का, आणि किती दिवस

तारा लावताना दुखत नाही. दुखणे साधारण चार ते सहा तासांनी सुरू होते, दुसऱ्या दिवशी सर्वांत जास्त असते आणि बहुतेकांचे आठवड्याभरात ओसरते. दात थेट हाडात रुतलेला नसतो, त्याच्या मुळाभोवती तंतूंचे पातळ आवरण असते. तारेच्या ताणामुळे हे आवरण एका बाजूने दाबले जाते आणि दुसऱ्या बाजूने ताणले जाते, तेथे सूज येते आणि त्या सुजेमुळेच हाडात बदल होऊन दात हळूहळू सरकतो. म्हणून नुसते बसून राहिल्यास बोथट ठणका जाणवतो, पण काही चावायला गेल्यास कळ उठते. यासाठीच पहिल्या दिवसांचा नियम ‘मऊ खा’ असा न ठेवता ‘चावूच नका’ असा ठेवलेला बरा.

बहुतेक डॉक्टर पॅरासिटामॉल सुचवतात. सूज उतरवणाऱ्या काही गोळ्या दात सरकण्याच्या प्रक्रियेतच अडथळा आणू शकतात, त्यामुळे घरात पडलेली कोणतीही गोळी न विचारता घेऊ नका. थंडाव्याचा उपयोगही चांगला होतो. सुरुवातीची तार बहुधा निकेल-टायटॅनियमची असते, ती तोंडातील उष्णतेने जोर धरते आणि गार पाण्याच्या घोटाने तिचा ताण थोडा वेळ सैल पडतो. गार ताकाने बरे का वाटते, याचे कारण मला डॉक्टरांकडून कळले तोपर्यंत मी तांब्याभर ताक संपवले होते. बर्फाचे खडे मात्र चघळू नका, त्याने ब्रॅकेट निघतात.

३. पहिले तीन दिवस: चावायचेच नाही

आपल्या घरांत आजारी माणसासाठी आणि दात न आलेल्या बाळासाठी जे शिजते ते सर्व येथे उपयोगी पडते. सासूबाईंनी माझ्या हातातला कागद बाजूला ठेवला आणि ‘बाळंतिणीचा आणि बाळाचा स्वयंपाक एकत्र करते, म्हणजे झाले’ असे म्हणून कुकर लावला.

गुरगुट्या भात. एक वाटी तांदळाला पाच वाट्या पाणी घालून नेहमीपेक्षा दोन-तीन शिट्ट्या जास्त कराव्यात आणि गरम असतानाच रवीने घोटावा. त्यात मेतकूट, तूप आणि मीठ घालावे. आपल्याकडे घोटी-इगतपुरीच्या पट्ट्यातला इंद्रायणी तांदूळ सहज मिळतो, तो मुळातच चिकटसर आणि मऊ असल्याने यासाठी फार चांगला. बासमतीसारखा मोकळा भात टाळा, त्याची शिते ब्रॅकेटच्या मागे जाऊन बसतात.

मुगाची खिचडी. डाळ आणि तांदूळ समप्रमाणात घेऊन तासभर भिजवावेत आणि सहापट पाण्यात शिजवावेत. फोडणीत मोहरी आणि कढीपत्ता घालू नये, किंवा फोडणी गाळून ओतावी. मोहरीचा एक दाणा ब्रॅकेटच्या पंखाखाली अडकला तर तो काढण्यात अर्धा तास जातो. हिंग, जिरेपूड आणि तूप एवढ्याने पुरेशी चव येते.

नागलीची आंबील. त्र्यंबकेश्वर, पेठ आणि सुरगाणा तालुक्यांतली नागली नाशिकच्या बाजारात भरपूर येते, आणि या आठवड्यासाठी इतके सोयीचे धान्य दुसरे नाही. दोन चमचे पीठ अर्धी वाटी गार पाण्यात कालवून, गुठळ्या मोडून, उकळत्या दोन वाट्या पाण्यात ओतावे आणि सहा-सात मिनिटे ढवळत शिजवावे. कोमट झाल्यावर ताक व मीठ घालून वाटीने प्यावी. पोट भरलेले राहते, आणि गोड नसल्याने दातांनाही त्रास नाही.

भगर. भगरीच्या गिरण्यांचे शहर म्हणून नाशिक ओळखले जाते, पण आपण ती उपवासापुरतीच आठवतो. चौपट पाण्यात आसट शिजवलेली भगर आणि ताक, असे जेवण मी सलग दोन दिवस केले. दाण्याची आमटी हवी असल्यास दाणे भिजवून अगदी गंधासारखे वाटावेत. जाडसर कूट चालत नाही.

याशिवाय पातळ पिठले, तांदळाची उकड, कढी-भात, दहीभात, घोटलेले वरण, रव्याची पातळ लापशी, कुस्करलेले केळे, पिकलेली पपई, गाळलेला टोमॅटोचा सार. मांसाहार करत असाल तर चिकनचे गाळलेले सूप आणि मऊ अंडाभुर्जी. कोणताही गरम पदार्थ कोमट करूनच खावा, कारण गालाची आतली बाजू या दिवसांत ब्रॅकेटवर घासून हुळहुळी झालेली असते.

एक सूचना प्रथिनांबद्दल. भात आणि केळे यांवर राहिल्यास दुसऱ्याच दिवशी गळून गेल्यासारखे वाटते. दिवसातून दोनदा वरण, दही, अंडे किंवा हाताने कुस्करलेले पनीर पोटात जाईल असे पाहा. मी पहिल्यांदा हे पाहिले नाही आणि तिसऱ्या दिवशी दुपारी ऑफिसात टेबलावर डोके ठेवून बसले होते.

४. चौथ्या दिवसापासून दहाव्या दिवसापर्यंत: दाढांनी, हळूहळू

कसोटी सोपी आहे. घास जीभ आणि टाळू यांच्यामध्ये दाबून मोडत असेल तर तो आता चालेल. इडली मोडते, ताजे घावन मोडते, उपमा आणि शेवयांची खीर चालते, थालीपीठ अजून नाही.

पोळीचा प्रश्न येथे सुटतो. ताज्या पोळीचे नखाएवढे तुकडे करून वरणात किंवा दुधात दहा मिनिटे भिजवावेत आणि मग खावे. सुकी पोळी भाजीबरोबर खाण्याची घाई करू नका, कारण तिचा गोळा होऊन दाढांच्या कड्यांभोवती बसतो आणि समोरच्या दातांनी ती तोडताना खालचे ब्रॅकेट ओढले जातात. ज्वारीची गरम भाकरी दुधात कुस्करून चालते. बाजरीच्या भाकरीचा पापुद्रा कडक असतो, तो काढून आतला मऊ भाग घ्यावा.

भाज्यांमध्ये दुधी, लाल भोपळा, बटाटा आणि वांग्याचे भरीत उत्तम. भरतात कच्चा कांदा व दाणे घालू नयेत आणि मिरची निम्मी करावी, कारण तोंडात चट्टे असतील तर तिखटाने डोळ्यांत पाणी येते. मेथी, शेपू, पालक यांच्या चिरलेल्या भाजीचे दोरे तारेभोवती गुंडाळले जातात. त्याच भाजीचे डाळ घालून घोटलेले गरगटे केले की त्रास नाही. शेंगोळे अगदी मऊ शिजवले तर चालतात, पाटवड्या रश्श्यात मुरल्यावरच घ्याव्यात.

गालाला किंवा ओठाला टोचत असलेल्या ब्रॅकेटवर जेवण्यापूर्वी वॅक्सचा मुगाएवढा गोळा लावा. त्याआधी ब्रॅकेट कापसाने कोरडा करा, ओल्यावर वॅक्स टिकत नाही. जेवताना तो पोटात गेला तरी घाबरण्याचे कारण नाही. जेवणानंतर कोमट पाण्यात मीठ घालून चूळ भरल्यास चट्टे लवकर भरतात.

५. दुखणे थांबल्यावरचा सापळा

माझे दुखणे सहाव्या दिवशी पूर्ण थांबले. आठव्या दिवशी, रविवार सकाळी, आम्ही सगळे मिसळ खायला गेलो. मी शहाणपणाने पापड बाजूला ठेवला, पाव रश्श्यात बुडवला, आणि तिसऱ्या घासाला फरसाणातली तळलेली हरभऱ्याची डाळ खालच्या डाव्या उपदाढेखाली सापडली. ‘टक्’ असा आवाज आला, दुखले काहीच नाही. घरी आल्यावर आरशात पाहिले तर ब्रॅकेट तारेवर मण्यासारखा फिरत होता. तो पुन्हा बसवेपर्यंत त्या दातावर तारेचा ताणच नव्हता, आणि तेवढे दिवस उपचारात वाढले.

दात दुखत नाही याचा अर्थ सिमेंट मजबूत झाले असा नाही. उपचार संपल्यावर ब्रॅकेट दाताला इजा न होता काढता यावा, अशा बेतानेच तो चिकटवलेला असतो. म्हणून पुढील यादी पहिल्या महिन्यापुरती नसून तारा निघेपर्यंतची आहे.

कधीही नको: भाजलेले दाणे व फुटाणे, चिवड्यातील डाळ-दाणे, मक्याचे कणीस, ऊस, सुपारी, हाडासकट मटण, कडक डिंकाचे लाडू, चिक्की, टॉफी, च्युइंगम, बर्फ, आणि जुना कडक तिळगूळ. संक्रांतीला मऊ गुळाची पोळी मिळाली तर छोटे तुकडे करून घ्यावी.

कापून किंवा शिजवून चालेल: सफरचंद, पेरू, गाजर, काकडी. पेरूच्या बिया काढाव्यात. समोरच्या दातांनी तोडून कोणतेही फळ खाऊ नये, सुरीने पातळ काप करून दाढेने खावे. सफरचंद पाच मिनिटे वाफवले की अगदी लहान मुलासारखे खाता येते. पेन किंवा नखे चावण्याची सवय असेल तर तीही याच यादीत धरा.

द्राक्षांच्या हंगामात तारा लागलेला नाशिककर फार बेचैन होतो, हे मी स्वतः अनुभवले आहे. निफाड-दिंडोरीची बिनबियांची द्राक्षे चालतात, फक्त उभी अर्धी कापून घ्यावीत, कारण साल घट्ट असलेले अख्खे द्राक्ष दाताखालून निसटून तारेवर दाब देते. बेदाणे मात्र नकोत. ते मऊ वाटतात, पण चिकट आणि गोड असल्याने ब्रॅकेटच्या कडेला तासन्तास राहतात. सटाणा-मालेगावकडच्या डाळिंबाचे दाणे चावण्याऐवजी रस काढून गाळून घ्यावा.

मिसळीबद्दल सर्वजण विचारतात. पहिला महिना नको. त्यानंतर फरसाण वेगळे मागवून फक्त बारीक शेव घ्यावी आणि ती रश्श्यात पूर्ण भिजू द्यावी, मटकी मऊ शिजलेली असावी, पावाची कडा काढून टाकावी आणि काळ्या मसाल्याचा रस्सा मध्यम तिखट घ्यावा. पापडाचा विचार सोडून द्यावा.

६. हळद आणि रबर

ब्रॅकेटभोवतीची छोटी रबरे हळद शोषून घेतात. पारदर्शक किंवा पांढरी रबरे निवडली तर दोन-तीन जेवणांतच ती पिवळी दिसू लागतात. राखाडी किंवा गडद रंग निवडा, कारण आपण हळद सोडणार नाही. रबरे प्रत्येक भेटीत बदलतात, त्यामुळे डाग पडला तरी तो तात्पुरता असतो.

७. गोड पातळ पदार्थ

चावता येत नाही म्हणून पहिल्या आठवड्यात अनेक जण मिल्कशेक, आइस्क्रीम, मँगो ज्यूस आणि गोड लस्सी यांवर दिवस काढतात. घरचेही प्रेमाने तेच पुढे करतात. दातांवरील जिवाणू साखरेपासून आम्ल तयार करतात आणि ब्रॅकेटच्या कडेला ब्रश नीट पोहोचत नसल्याने तेथील खनिज विरघळून पांढरे डाग पडतात. तारा निघाल्यावर दात सरळ, पण प्रत्येकावर पांढरी चौकट, असे चित्र दिसते आणि ते डाग सहसा पूर्ण जात नाहीत. गोड खायचे असेल तर जेवणाबरोबर एकदाच घ्यावे, दिवसभर घोट घोट पिऊ नये, आणि नंतर लगेच साध्या पाण्याने खळखळून चूळ भरावी. मधुमेह असलेल्यांनी तर या आठवड्याचा आहार आधी आपल्या डॉक्टरांना दाखवावा, कारण मऊ भात आणि केळी यांनीही साखर वाढते.

प्रत्येक जेवणानंतर ब्रश करावा. आधी ब्रॅकेटच्या वरून, मग खालून, आणि शेवटी तारेखालून बारीक ब्रश फिरवावा. सुरुवातीला दहा मिनिटे लागतात, पंधरा दिवसांनी चार मिनिटांत होते.

८. डबा, लग्न आणि उपवास

अंबडच्या आमच्या ऑफिसच्या कॅन्टीनमध्ये चावल्याशिवाय खाता येईल असे फक्त वरण होते. म्हणून मी रुंद तोंडाच्या थर्मासमध्ये पातळ खिचडी आणि वेगळ्या डबीत दही नेत असे. जेवायला नेहमीपेक्षा दुप्पट वेळ लागतो, तेव्हा सुट्टी सुरू होताच बसावे. बोलत बोलत जेवणे टाळावे, त्यात गाल चावला जातो.

लग्नाच्या पंगतीत मसालेभात, वरण-भात, श्रीखंड आणि बटाट्याची भाजी एवढ्यावर थांबता येते. जिलबी गरम आणि मऊ असेल तरच घ्या, गार झालेली काचेसारखी तुटते. जेवणानंतर मिळणाऱ्या बडीशेपेला नम्रपणे नकार द्या. उपवासाला साबुदाण्याची खिचडी चिवट असते व त्यात कूट असते, त्यामुळे भगर, राजगिऱ्याची लापशी आणि उकडलेले रताळे घ्यावे. राजगिऱ्याचा लाडू नको.

९. दवाखान्यात कधी फोन करावा

ब्रॅकेट किंवा बँड सैल झाला, तारेचे टोक गालात रुतू लागले, हिरडीला किंवा चेहऱ्याला सूज आली, ताप आला, किंवा आठवडा उलटूनही दुखणे वाढतच असेल, तर पुढच्या तारखेची वाट पाहू नका. सुटा झालेला ब्रॅकेट डबीत घालून सोबत न्या. टोचणाऱ्या टोकावर तोपर्यंत वॅक्स लावा. घरातल्या पकडीने तार वाकवण्याचा किंवा कापण्याचा उद्योग करू नका.

१०. पुढची भेट

साधारण चार ते सहा आठवड्यांनी पुन्हा बोलावतात. तार बदलली किंवा कसली की दोन-तीन दिवस दात पुन्हा हुळहुळे होतात, पहिल्या वेळेपेक्षा कमी, पण पोळी तोडता येत नाही एवढे निश्चित. शक्यतो शुक्रवार संध्याकाळची वेळ घ्यावी, म्हणजे सर्वांत वाईट दिवस शनिवारी घरीच जातो. दवाखान्यात जाण्यापूर्वी पोटभर जेवून आणि नीट ब्रश करून जावे. घरी परतल्यावर ओट्याशी उभे राहण्याची इच्छा नसते, म्हणून मी त्या दिवशी बाहेर पडण्याआधीच मुगाची डाळ आणि तांदूळ भिजत घालून निघते.